बाजू ऐकल्याशिवाय

शिंपीणबाई दिराला सोबत घेऊन सुनावणीला आल्या. त्यांच्या घराखालची जमीन आपली आहे, असा दावा शेजारच्या कारखानदाराने ठोकला होता.

सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी बाईंना खुर्ची दिली, पाणी मागवलं. "घाबरू नका, सावकाश सांगा. तुमची बाजू ऐकल्याशिवाय तुम्हाला घराबाहेर काढायचा हक्क कोणालाच नाही."

बाईंनी गोंधळून दिराकडे पाहिलं.

"पण साहेब, घर तर काल पाडलं. शिलाई मशीनसुद्धा बाहेर काढू दिलं नाही."

"कोणी पाडलं?"

"तुमच्याच ऑफिसची माणसं होती."

साहेबांनी समोरचे कागद खालीवर केले, चष्मा काढला आणि समजुतीच्या सुरात म्हणाले, "बाई, तुमचा काहीतरी घोटाळा होतोय. सुनावणी आज आहे, मग घर काल कसं पाडतील? कायद्यात ते बसतच नाही. घर जागेवरच असणार."

ते इतक्या ठामपणे आणि मायेने बोलले, की बाई निमूट उठल्या. जिना अर्धा उतरून झाल्यावर त्या थबकल्या.

"भाऊजी," त्यांनी हळूच विचारलं, "आपण एकदा जाऊन बघून येऊ या का?"