कजरीचा ताबा

कोर्टाचा कागद ठाण्याच्या दरोग्यानं दोनदा वाचला, उलटा करून मागची कोरी बाजूही पाहिली आणि टेबलावर भिरकावला.

समोर खेदारू राऊत उभा होता, चार महिन्यांत पहिल्यांदाच मान ताठ करून. साधा टमटमवाला माणूस. कुण्या उतारूनं बसायच्या फळीखाली पोतं सरकवलं, पोलीस दिसताच उडी टाकून पसार झाला. पोत्यात दारूच्या सात बाटल्या! बिहारात दारूबंदी, मग काय विचारता? खेदारू जामिनावर सुटला, पण टमटम आणि घोडी कजरी हरपुरवा ठाण्यात जप्त झाली. ती नाही तर चूल नाही. शेवटी न्यायाधीशांनीच खडसावलं, मुकं जनावर डांबून सरकारचं काय भलं होतंय? तीन दिवसांत ताबा द्या.

घोडीची हाडं निघाली असतील म्हणून बायकोनं, फुलेसरीनं, सत्तू आणि गूळ बांधून दिला होता. पाहतो तर कजरी चांगली गुटगुटीत. पायांना नवे नाल, तेही झिजलेले. खेदारू जरा चक्रावला, पण आनंदापुढं विचार कोण करतो! तिच्या गळ्यात पडून तो सगळ्यांदेखत रडला.

ताब्याच्या वेळी साक्षीला जिल्ह्याहून अबकारी निरीक्षक झाबाई आल्या होत्या. त्यांच्यासमोर हार खाणं दरोग्याला फार झोंबलं.

"बाईसाहेब, टमटमची घोडी रोजचा रस्ता विसरत नाही," तो म्हणाला. "लगाम मोकळा सोडू. जिथं ही थांबेल तिथं याचा अड्डा. आजच नवा गुन्हा दाखल करतो."

हवालदार पुढं होऊन म्हणाला, साहेब, ऊन चढलंय, जाऊ द्या ना गरिबाला. तू काय त्याचा वकील लागून गेलास का, असं म्हणत दरोग्यानं त्याला झापलं. झाबाईंनी मात्र लेखी मागितलं. घोडी थांबेल त्या घराची झडती मी घेणार, घर कुणाचंही असो. दरोग्यानं हसत हसत सही ठोकली.

कजरी टमटम ओढत निघाली. मागं ही वरात, तिच्यामागं अर्धा बाजार.

"खेदारूभाई, नवरी कुठाय?" पानवाल्यानं विचारलं.

खेदारूचे डोळे रस्त्याकडं लागले होते. पुढच्या तिठ्याला डावीकडे ताडबन वस्ती, तिथं त्याचा मेहुणा महंगू. पूर्वी चोरून दारू विकायचा. आता सोडली म्हणतो, पण त्याचा काय नेम! शिवाय तिथं गेलं की कजरीला हमखास गूळ मिळायचा.

"तिकडं बघू नकोस गं बाई," तो पुटपुटला.

तिठ्यावर कजरी थबकली. डावीकडे कान टवकारले. खेदारूनं डोळे मिटून घेतले. उघडले तेव्हा ती उजवीकडे वळून झपाझप चालली होती. त्याला वाटलं, रस्त्यावरच नाचावं.

पण आनंद फार टिकला नाही. चुन्यानं रंगवलेल्या बैठ्या घरांच्या ओळीमागं कजरी शिरली आणि तिसऱ्या घराच्या मागच्या दाराशी अशी थांबली, जणू इथलीच. हे घर खेदारूनं जन्मात पाहिलं नव्हतं. झालं, तो मनाशी म्हणाला, कुणा परक्याच्या पापापायी घोडी परत ठाण्यात जाणार. तो घायकुतीला येऊन तिला पुढं ओढू लागला. घोडी जागची हलेना. गळ्यातले घुंगरू वाजवत तिनं दारावर खूर आपटला.

दरोगा काही बोलणार, तोच झाबाईंनी सगळ्यांना गप्प राहायची खूण केली.

आतून बांगड्या वाजल्या आणि कडी काढता काढता एक बाई वैतागून म्हणाली, "हवालदार, आमच्या दरोगासाहेबांना म्हणावं, पलंगाखाली आता एक बाटलीसुद्धा मावायची नाही. परवाचा माल आधी उचला, मगच घोडी पाठवा!"