पूजेतला कंट्रोलर

खंडेनवमीला आईने पाटावर पेचकस, कात्री आणि गौरांगदादाचा गेमचा कंट्रोलर मांडला. पूजेतल्या वस्तूला त्या दिवशी हात लावायचा नसतो. दादा सकाळीच बाइकने कुहीला गेला होता आणि दुपार झाली तरी फोन उचलत नव्हता. जीव रमेना, म्हणून मी लॅपटॉप उघडला. कंट्रोलरला हात न लावता ब्लूटूथने नुसता जोडून ठेवला, तर देव थोडाच रागावणार होता!

तो लगेच जोडला गेला. बटणं तपासायच्या स्क्रीनवर त्याचं चित्र आलं.

चित्रातली डावी जॉयस्टिक सावकाश गोल फिरली, मग उलटी. शर्यत सुरू व्हायच्या आधी दादा अशीच फिरवतो.

"आई, कंट्रोलरले हात लावून राहिली का वं?"

"मी पुऱ्या तळून राहिली," आई स्वयंपाकघरातून ओरडली.

पाटाजवळ कोणीच नव्हतं. कंट्रोलरवरचं झेंडूचं फूल जागचं हललं नव्हतं. स्क्रीनवर मात्र गाडी पळवायचं बटण निळं झालं आणि निळंच राहिलं, कोणी दाबून धरल्यासारखं.

मला ते बघवेना. सेल काढून टाकावेत म्हणून मी कंट्रोलर उचलला आणि मागचं झाकण उघडलं.

आत सेल नव्हते.

"आई, याचे सेल?"

"भिंतीवरच्या घड्याळात टाकले नं काल. तुह्या दादानंच काढून देल्ले."

तेवढ्यात माझ्या हातात कंट्रोलर जोरात थरथरला, खेळातली गाडी आपटल्यावर थरथरतो तसा.

मग स्क्रीनवरचं निळं बटण विझलं.