रांगोळीतलं गाव

खडवली स्टेशनपासून पाड्यापर्यंत रिक्षात प्रितम आणि मी भांडतच गेलो. आम्ही दोघं ठाण्यातल्या एकाच सामाजिक संस्थेत कामाला. त्याचं म्हणणं, आधी रस्ते आणि कारखाने आणा, विकास आपोआप खालपर्यंत झिरपतो. मी वैतागले, "अरे, पंच्याहत्तर वर्षं झिरपतोच आहे! आधी लोकांना विचारा तरी, त्यांना काय हवंय ते."

पाड्यावर पोचताच मी बायकांपुढे रांगोळीचे डबे ठेवले आणि म्हटलं, तुमचं गाव जमिनीवर काढून दाखवा. म्हाताऱ्या ठमाबाई पुढे सरसावल्या. दहा मिनिटांत नदी, देऊळ, घरं, शाळा आणि शाळेच्या भिंतीला लागून निळ्या रांगोळीचा नळ. मी प्रितमकडे विजयाने असं काही बघितलं की बस्स!

मग मान वर करून खऱ्या शाळेकडे पाहिलं. भिंतीला नळ नव्हताच.

"आजी, हा नळ कुठाय?"

"नाय ना." त्यांनी हात झटकले. "बारा वरसं झाली, बाय. तुमच्यासारखी नवी नवी माणसं येतात, गाव काढायला लावतात, मग काय पायजे ते विचारतात. म्हणून नळ मी आता आधीच काढून ठेवते. तुमचा टाइम वाचतो."

मी फोटोसाठी मोबाइल बाहेर काढला, तोवर त्यांनी रिकामा हंडा कमरेला लावला होता.



"फोटो लवकर काढ गं, मला नदीवरनं पाणी आणायचंय."