लाल रिबिनीची पिशवी

"आज दोन्ही मीच भरतो," तो म्हणाला आणि तिच्या हातातलं रेशमी कापड त्याने काढून घेतलं.

ती तंबूच्या दारात उभीच राहिली. लग्न झाल्यापासून असं कधी घडलं नव्हतं. पॅराशूटला ते दोघं नवराबायको छत्री म्हणत, आणि छत्रीचा त्यांचा नियम पक्का होता. तिची छत्री त्याने घडी घालून पिशवीत भरायची, त्याची तिने. स्वतःच्या छत्रीला हात लावायचा नाही. गरम धुराच्या फुग्यातून वर जाऊन उडी मारायची, तर एकाचा जीव दुसऱ्याच्या हातात असलेला बरा. मग कोणी अंगचोरपणा करत नाही.

"माझे हात मोडलेत का?" तिने विचारलं.

"अगं, ती जळकी जरा सांभाळून भरावी लागेल. तू जा, चहा घे."

मागच्या खेळात फुगा फुगवायच्या भट्टीची ठिणगी उडून एका छत्रीचं कापड भाजलं होतं. त्याने ठिगळ लावलं. पण काल तिने बोटाने दाबून पाहिलं, तर ठिगळाच्या कडेचं रेशीम जुन्या कागदासारखं फाटलं.

"नवं कापड येईपर्यंत थांबू या," ती तेव्हाच म्हणाली होती.

खेळाचा मालक उसळला होता. "थांबा की! पलीकडच्या मैदानात इंजिनाचं विमान उडतंय. लोक तिकडे पळतायत. तुमच्या धुराच्या भोपळ्याला कुत्रं विचारत नाही आता. मी पाट्यांवर जोडी रंगवलीय. दोघंही वर जाणार म्हणजे जाणार."

नवऱ्याने मान खाली घालून दोऱ्या गुंडाळायला घेतल्या होत्या. हल्ली तो गप्पच असे, निदान तिच्यापाशी. मालकाच्या भाचीपाशी मात्र त्याचं तोंड थांबत नसे. भाची झुल्यावरची कामं करायची. तरणीताठी, धीट, हसरी. ती कपडे वाळत घालत असली, की हा फुग्याच्या दोऱ्या तपासायला नेमका तिथेच जायचा.

आणि आज सकाळी पाण्याची बादली घेऊन बायको गाडीच्या मागून येत होती, तेव्हा तिने ऐकलं.

"आजचा दिवस जाऊ दे," तो भाचीला सांगत होता. "उद्यापासून तिची जागा तुझी."

"आणि बाईंना कळलं तर, मास्तर?"

"छे! वर जाईपर्यंत काही कळता कामा नये. नाहीतर ती फुग्यात चढणारच नाही."

बादली तिने हळूच खाली ठेवली होती. आवाज होऊ दिला नव्हता.

आता तो दोन्ही पिशव्या घेऊन तंबूबाहेर आला. तोंडं कच्च्या दोऱ्याने शिवलेली. उडी मारली की झटक्याने तुटणारा दोरा. त्याआधी उसवला, तर सगळी घडी पुन्हा घालायची. आत कोणती छत्री आहे, हे बाहेरून कळायला मार्ग नव्हता. तिच्या पिशवीला लाल रिबीन, त्याच्या पिशवीला निळी. बाकी दोन्ही सारख्याच.

"मास्तर! भट्टी बघा, धूर मारतेय!" मालक तिकडून ओरडला.

तो पिशव्या पेटीवर ठेवून धावला.

तिला लेक आठवली. लांब, सासूबाईंपाशी राहणारी. निघताना पदर धरून विचारायची, "आई, तू कधी खाली राहणार?" ही झुल्यावरची बया उद्या तिची आई होणार.

तिने लाल रिबीन सोडली. निळी सोडली. लाल होती तिथे निळी बांधली, निळी होती तिथे लाल. ज्याने भरली, त्यानेच घालावी. गाठी त्याच्यासारख्याच आल्या.

फुगा फुगला. मैदान माणसांनी भरलं. त्याने लाल रिबिनीची पिशवी तिच्या पाठीवर चढवली आणि पट्टे स्वतः आवळले. एकदा, मग पुन्हा एकदा.

"हात गार पडलेत तुझे."

"वारा आहे."

"वारा? अजून जमिनीवरच आहोत आपण," तो हसला आणि निळ्या रिबिनीची पिशवी त्याने एका खांद्याला अडकवली.

दोरी सुटली. टोपली हिंदकळली आणि माणसं पायांखाली बारीक होत गेली. खालून बंदुकीचा बार झाला की आधी तिने उडी मारायची, मागून त्याने. त्या दोघांचा क्रम ठरलेला होता.

तिला राहवेना.

"अहो."

"काय?"

"ती जळकी... कोणत्या पिशवीत आहे?"

त्याने तोंड फिरवलं. "आता तो विषय कशाला? चढ काठावर."

एवढं पुरे झालं. तिच्या मनातली उरलीसुरली शंकाही गेली. ती टोपलीच्या काठावर चढली. त्याने तिच्या पिशवीची दोरी टोपलीच्या कडीला अडकवली, ओढून पाहिली.

"ही तुझी शेवटची उडी हं," तो हळूच म्हणाला.

तिने त्याच्याकडे पाहिलं. तो हसत होता. तीही हसली.

खाली बार झाला. तिने हात सोडले.

"घाबरू नकोस गं!" वरून त्याचा आवाज आला, मोठ्याने, अगदी खुशीत. "जळकी माझ्याकडेच आहे! मी उडी मारतच नाही, फुग्यातूनच उतरतो! उद्यापासून तू लेकीपाशी!"

तिच्या पाठीवरचा दोरा तटकन तुटला आणि रेशीम उलगडू लागलं.