चमच्याची मालकी

“या घरातला साधा चमचासुद्धा माझ्या मालकीचा नाही!” कंत्राटदाराने गरजून सांगितलं. राज्यावर पाणी सोडणाऱ्या राजाचा थाट होता त्याचा. फक्त राजाच्या हातात अशा वेळी चहाचा कप नसतो, आणि असलाच तर तो बशीवर इतका खडखडत नाही.

कोर्टाच्या बेलीफने जप्तीच्या यादीवरून मान वर केली. फ्रीज, कपाट, पलंग, सहा खुर्च्या, मिक्सर इतकं लिहून झालं होतं. लिहिलेल्या प्रत्येक वस्तूवर तो नंबराची चिठ्ठी चिकटवत होता.

“मग कोणाचा?” त्याने विचारलं.

हा प्रश्न येईल हे कंत्राटदाराच्या डोक्यातच आलं नव्हतं. त्याची खोडच ती. आधी बोलायचं, मग घाबरायचं. ‘ही गच्ची गळली तर नाव बदलून टाकीन’ असं त्याने एका डॉक्टरांना लेखी दिलं होतं. गच्ची गळली. डॉक्टर कोर्टात गेले आणि जिंकले. नाव राहू द्या, भरपाई द्या, म्हणाले. ती काही दिली गेली नाही, म्हणून आज ही जप्ती.

त्याने घाईघाईने खोलीभर नजर फिरवली. खिडकीशी सासूबाई मटार सोलत बसल्या होत्या. डोळ्याच्या ऑपरेशनसाठी लेकीकडे आल्या होत्या आणि अजून काळा चष्मा लावत होत्या.

“यांचा!” तो म्हणाला. “सगळं यांचंच आहे. आम्ही नुसते वापरतो.”

सासूबाईंनी एक शेंग मोडली.

“मग आजींनी कोर्टात हरकत घ्यावी,” बेलीफ म्हणाला. “मालकी शपथेवर सिद्ध करावी लागेल. खोटं निघालं तर वस्तू जातीलच, वर शपथ घेणारा आणि घ्यायला लावणारा, दोघंही आत.” एवढं सांगून त्याने मिक्सरच्या झाकणालाही वेगळी चिठ्ठी लावली.

कंत्राटदाराने सासूबाईंच्या नावाने हरकत दाखल केली आणि सुनावणीची तारीख पडली. रोज सकाळी तो सासूबाईंची उजळणी घेई.

“आई, फ्रीज कोणी घेतला?”

“मी.”

“कपाट?”

“मी.”

“छान. असंच ठाम सांगायचं. अगदी खरं असल्यासारखं.”

“बरं, जावईबापू.”

काळ्या चष्म्याआड काय चाललंय ते कळत नसे. दूधवाल्याने बेल वाजवली तरी कंत्राटदार मोरीत जाऊन उभा राही. बायको मात्र चिठ्ठी लावलेला फ्रीज उघडून शांतपणे भाजी काढी. हिला भीती कशी वाटत नाही, याचीही त्याला भीती वाटू लागली.

वस्तू आपल्याच, याबद्दल त्याला तिळमात्र शंका नव्हती. सतरा वर्षं तो बायकोच्या हातावर घरखर्च ठेवत आला होता, आणि घरात जे जे येई ते त्यातूनच येतं असं धरून चालला होता. एवढ्याशात एवढं कसं येतं, हे त्याने कधी विचारलं नव्हतं. पाहुण्यांसमोर फ्रीजवर थाप मारायला मात्र तो विसरत नसे.

“आजी, सगळंच तुमचं म्हणता,” कोर्टात डॉक्टरांचे वकील म्हणाले. “पुरावा काय?”

सासूबाईंनी पिशवीतून बटणांचा पत्र्याचा डबा काढला. डबा उजळणीत नव्हता. झाकण निघालं आणि आतून पावत्या बाहेर आल्या. पिवळ्या पडलेल्या, दुकानांचे शिक्के असलेल्या.

म्हातारीने खोट्या पावत्याही केल्या! कंत्राटदाराने बाकाखाली दोन्ही मनगटं लपवली.

वकिलांनी एकेक पावती उजेडासमोर धरली, उलटून पाहिली, शिक्क्यावर बोट घासून पाहिलं. दर पावतीगणिक त्यांचं तोंड थोडं थोडं उतरत गेलं. फ्रीज. कपाट. पलंग. खुर्च्या. मिक्सर. शेवटची सहा चमच्यांची होती. सगळ्यांवर नाव सासूबाईंचं. कंत्राटदाराने बायकोकडे पाहिलं. ती छताच्या पंख्याची पाती मोजत होती.

“पण हे तुम्ही लेकीला देऊन टाकलं होतं ना?” वकिलांनी शेवटचा प्रयत्न केला.

“छे हो. वापरायला दिलं होतं. जावई नवे होते. माणूस कसा निघतो ते बघावं, मग देऊन टाकावं, असं आम्हा मायलेकींचं ठरलं होतं.”

“लग्नाला किती वर्षं झाली?” न्यायाधीशांनी विचारलं.

“सतरा.”

“मग?”

“बघतेय अजून,” सासूबाई म्हणाल्या.

जप्ती उठली. त्या संध्याकाळी सासूबाईंनी ओल्या फडक्याने एकेक चिठ्ठी स्वतः सोडवली. चष्मा आता काढला होता. कंत्राटदार दाराशी उभा होता. सहाही खुर्च्या मोकळ्या होत्या, तरी उभाच होता. बेलीफ निदान काम झालं की निघून तरी गेला होता.

बायकोने त्याच्या हातात चहाचा कप दिला. साखर तळाशी तशीच बसली होती. त्याने घसा खाकरला.

“आई,” तो म्हणाला, “ढवळायला एक चमचा घेऊ का?”