जात्यावरचा दुसरा आवाज

“अनू, हात चालू दे. पुढची ओळ मी घेते,” असं जात्यावर बसली की आई म्हणायची. ती आई जाऊन अकरा वर्षं झाली होती.

पासष्टच्या लढाईचे दिवस. जबलपुरात तोफगोळ्यांचा कारखाना तिन्ही पाळ्या धडधडत होता. कॉलनीतल्या क्वार्टरात अनसूया पहाटे एकटीच दळायची आणि दगावलेल्या लेकीची ओवी फक्त जात्याला सांगायची. धाकट्या दिराने, विनयने, ती दाराआडून टेपवर उतरवली आणि जवानांच्या मदतीसाठी भरलेल्या सभेत सगळ्या कॉलनीला ऐकवली.

“पाळणा हालतो गं, आत नाही कोणी,” टेपमधून अनसूयाचा आवाज आला.

लगेच दुसऱ्या बाईने ओळ उचलली, “वारा देतो झोका, वारा गातो गाणी.”

विनय दचकला. घरी ऐकली तेव्हा टेपवर एकच आवाज होता.

“वहिनी, हे कोण गाऊन राहिलं?”

पुढची ओळ घेणारा तो आवाज अनसूयाने ओळखला होता.

“फिर से लगाओ, भैया!” बायका डोळे पुसत ओरडल्या.

विनयने घाबरून वायर उपटली. टेपची चाकं थांबली. गाणं थांबलं नाही. जात्याची घरघर वाढत गेली, पायाखालची फरशी थरथरू लागली.

दिरापुढे कधी मान वर न केलेली अनसूया ताठ उभी राहिली आणि हसली. तिने तोंड उघडताच गाणं थांबलं, आणि तिच्या एकटीच्या गळ्यातून दोघींचा आवाज निघाला.

“हे दुःख माझं आहे, भाऊजी. मला न विचारता तुम्ही लोकायले काहून वाटलं?”