फिलोमेनाने दाखवलेली शीव

किमाची टोपी वाऱ्याने उडाली आणि वालरासाचा सरपंच बाल्दिरी, गुडघ्यांचं दुखणं विसरून, तिच्यामागे धावला.

“अरे, सोड रे!” किमा ओरडली. “आगुयेसची सरपंच आहे मी. गाव नवी घेऊन देईल.”

“आगुयेसवाले? ते वारासुद्धा आमच्याकडून उसना मागतील.” त्याने झुडपातून टोपी काढली, मांडीवर झटकली आणि हातात न देता सरळ तिच्या डोक्यावर ठेवली.

मागून टोपली घेऊन चढणाऱ्या फिलोमेनाने ते पाहिलं. ती बाल्दिरीची बायको. लग्नाआधी तो संध्याकाळी कुणाच्या खिडकीखाली उभा असायचा हे या किनाऱ्यावर सगळ्यांना ठाऊक होतं, आणि ती खिडकी फिलोमेनाची नव्हती.

गेल्या उन्हाळ्यातला वणवा विझवताना बुलडोझरने दोन गावांच्या शिवेचा दगड दरीत ढकलला होता. तो पुन्हा रोवायला दोन्हीकडचे पंच आज डोंगरावर आले होते. जुन्या नोंदीत एवढंच होतं, की दगड मळ्याच्या वरच्या बांधाच्या टोकाला आहे. मळा फिलोमेनाच्या वडिलांचा, द्राक्षांचा. आता नुसती काळी खुंटं. पण बांधाला टोकं दोन. उत्तरेच्या टोकावरून समुद्राकडे रेघ सोडली तर खालची पुळण, तो वाळूचा किनारा, मधोमध कापली जायची, अर्धी वालरासाची, अर्धी आगुयेसची. दक्षिणेच्या टोकावरून सोडली तर सगळीच्या सगळी आगुयेसची. म्हणून साक्षीला मळेवाल्याची मुलगी बोलावली होती.

साक्षीदाराने बोलायचं नाही, अशी इथली रीत. चालत जायचं आणि जागेवर उभं राहायचं. मग दोन्ही सरपंच त्याच्या पायाशी एकेक दगड ठेवतात, आणि शीव ठरते.

“लवकर करा हो,” जिरोना शहरातून आलेला मोजणीदार तिवई धरून म्हणाला. “नाहीतर मी उडून फ्रान्सात जाईन.”

“हा वारा तिकडूनच येतो बाबा,” आगुयेसचा म्हातारा एउदाल्द म्हणाला. “उडालास तर समुद्रात जाशील.”

आधी खाणं झालं. टोमॅटो चोळलेला पाव, खारवलेली मासळी. लांब चोचीची काचेची झारी फिरली. बाल्दिरीने ती उंच धरून वाइनची धार अचूक तोंडात घेतली आणि किमाकडे दिली. तिचा नेम चुकला. धार हनुवटीवरून गळ्यात.

“अजून तशीच!” बाल्दिरी म्हणाला. “सांत जुआनच्या सणाला, रात्री जाळापाशी, सगळा झगा भिजवला होतास. निळा.”

“मेल्याला झगा आठवतोय!”

फिलोमेनाने त्याला एकदा आपल्या साखरपुड्यातल्या झग्याचा रंग विचारला होता. ‘होता की छानसा,’ तो म्हणाला होता.

“पुळण अर्धी अर्धी निघाली ना,” किमा हनुवटी पुसत म्हणाली, “तर साफसफाई, पहारेकरी, गाड्यांची जागा, सगळं मिळून बघायचं. दर सोमवारी बैठक. म्हणजे उन्हाळाभर तुझं तोंड.”

“का, वाईट आहे?”

“वाईट नाही. जुनं आहे.”

बाल्दिरी हसला. मान मागे टाकून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. घरी नातवंडांबरोबरसुद्धा तो असा हसत नाही.

“चला वहिनी,” एउदाल्द म्हणाला. “उभ्या राहा.”

फिलोमेना उठली. खिशात जपमाळ होती, तिचा एक मणी चिमटीत धरला. उत्तरेचं टोक तिला डोळे मिटूनही सापडलं असतं. तिकडे चार पावलं टाकलीसुद्धा. तेवढ्यात किमाने बाल्दिरीच्या बाहीवरचा पावाचा चुरा झटकला.

फिलोमेना वळली. बांधाच्या कडेकडेने दक्षिणेच्या टोकाला गेली आणि उभी राहिली. बोलायचं नव्हतं, त्यामुळे खोटं बोलावं लागलं नाही.

वालरासाचे पंच एकमेकांकडे पाहू लागले.

“फिलो,” बाल्दिरीचा आवाज खाली आला, “नीट आठव गं. गावाची पुळण आहे ती.”

ती समुद्राकडे बघत राहिली. शेवटी त्याने तिच्या पायाशी दगड ठेवला. ठेवला कसला, टाकलाच.

किमा आली. दगड ठेवायला वाकली आणि उठताना तिच्या कानाशी म्हणाली, “द्राक्षं तोडायला मीही यायचे गं इथे. तुझे बाबा शिवेच्या दगडावर बसून न्याहारी करायचे. त्या तिकडे, उत्तरेच्या टोकाला.”

चिमटीतला मणी सुटला. किमाने तिच्याकडे क्षणभर पाहिलं, मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, “आगुयेसला मान्य.”

“किमा,” बाल्दिरी हळूच म्हणाला, “माझी होडी तिथेच लागते. वडिलांच्या वेळेपासून.”

“मग काय झालं? परवाना आता आम्ही देणार.” तिने टोपी कानांवर ओढली. “ये घरी. निवांत बोलू.”

मोजणीदार तिवई घेऊन आला. “जरा बाजूला होता का? इथेच खणायचंय.”

फिलोमेना हलली नाही. तिच्या पायांशी ते दोन दगड एकमेकांना टेकून पडले होते.